नाटकाचा मूकपट की नाटकावर बेतलेला?

देवगडच्या एका शिक्षिकाताईंनी विचारलं आहे : शाळेच्या स्मरणिकेतल्या लेखात त्यांनी १९१२च्या 'श्री पुंडलिक' या चित्रपटाला 'नाटकावर बेतलेला मुकपट' म्हटलं. सहकाऱ्यांनी ते खोडून 'नाटकाचे रूपांतर' असं केलं. दोघांपैकी बरोबर कोण?

ताई, आधी शुद्धलेखन. 'मूकपट' लिहा, मू दीर्घ. आपल्या 'मुका'त (मालवणीतल्या 'मुको'तही) तो ऱ्हस्व असतो, पण इथे समासात आलाय तो संस्कृत 'मूक'. 'बोलपट'ची घडण वेगळी, त्यातला 'बोल' आपला घरचा. शिवाय १९३१ साली पहिला भारतीय बोलपट 'आलम आरा' आल्यावर आधीच्या चित्रपटांना वेगळं ओळखण्याची गरज पडली. १९१२च्या प्रेक्षकाला 'मूक' असं मुद्दाम सांगावं लागलं नसणार.

आता 'बेतणे'. हे क्रियापद मला फार जवळचं वाटतं, कारण ते शिंप्याच्या दुकानातलं आहे. माप घेऊन, खडूने आखून कापड कापायचं, ते बेतणं. 'पट' म्हणजेही मुळात वस्त्रच. सारीपटातला पट तोच. म्हणजे 'नाटकावर बेतलेला चित्रपट' असं म्हणताना आपण सगळी कापडाचीच भाषा बोलत असतो! पण बेतण्यात कात्री आली. कापड तेच राहिलं तरी काही तुकडे गळतात, काही जोडले जातात, आकार नवा होतो.

'श्री पुंडलिक'च्या बाबतीत कात्री किती चालली? मालवणजवळच्या सुकळवाडचे दादासाहेब तोरणे यांनी श्रीपाद संगीत मंडळीचा नाट्यप्रयोग कॅमेऱ्यासमोर करवून घेतला, आणि तो चित्रपट १८ मे १९१२ रोजी मुंबईत गिरगावातल्या कॉरोनेशनमध्ये दाखवला गेला. फाळक्यांचा 'राजा हरिश्चंद्र' त्याच कॉरोनेशनमध्ये आला तो ३ मे १९१३ला. तरीही पहिल्या भारतीय चित्रपटाचा मान बहुतेक जण फाळक्यांना देतात, आणि त्यामागचं एक कारण हेच सांगतात की तोरण्यांनी टिपला तो रंगभूमीवरचा प्रयोग. म्हणजे हा सगळा वाद एका 'चा'मध्ये मावतो. 'नाटकाचा मूकपट' म्हटलं की प्रयोगच पडद्यावर आला. 'नाटकावर बेतलेला' म्हटलं की कुणीतरी तो पडद्यासाठी नव्याने कापला-शिवला. तुमचा शब्द सुंदर आहे ताई, पण या चित्रपटाला तो सैल होतो.

सहकाऱ्यांचं 'रूपांतर' मात्र मला अजिबात पटत नाही. मराठी रंगभूमीवर या शब्दाला ठरलेला अर्थ आहे. नाटककार देवलांनी शेक्सपिअरच्या 'ऑथेल्लो'चं 'झुंझारराव' केलं, ते रूपांतर : माणसं, नावं, बोलणं, सगळं इकडचं झालं. 'पुंडलिक'मध्ये तसं काही बदललं नाही, उलट होतं तेच हरवलं. संगीत मंडळीचं नाटक, आणि पडद्यावर ना पद, ना पेटी, ना संवाद! उरली ती वेशभूषा, हालचाल आणि चेहरा.

आपल्याकडे दशावतार पाहणाऱ्याला हे लगेच कळेल. दशावतारी नटाचं बोलणं कुठे लिहिलेलं नसतं, ते रंगात येता येता सुचतं. ते काढून टाकलं तर संकासुराची चाल दिसेल, राजाची गदा फिरताना दिसेल, पण ज्यासाठी आपण पहाटेपर्यंत मांडी मोडून बसतो ते हरवेल. याला रूपांतर कसं म्हणायचं? पिंगुळीच्या चित्रकथीत चित्रं मुकी असतात, पण शेजारी बसलेला कथेकरी त्यांच्यासाठी गातो, बोलतो. मूकपटाचं चित्र त्या मानाने फारच एकटं.

मालवणी माणूस 'नाटकावरसून काढलेलो शिनेमा' म्हणून मोकळा होईल. प्रमाण मराठीतलं 'नाटकावरून काढलेला'ही चुकीचं नाही. कात्री चालली की नाही हे त्यात उघडं राहतं, एवढंच. म्हणून स्मरणिकेत मी असं लिहीन : "'श्री पुंडलिक' हा त्याच नावाच्या संगीत नाटकाचा मूकपट." आणि त्याच ओळीत सुकळवाडचं नाव घाला. देवगडच्या मुलांना ते गाव नकाशात बोट ठेवून दाखवता येईल.