मिश्र जातीच्या कुत्र्याला ‘बस’, ‘ये’, ‘थांब’ शिकवायला सुरुवात कुठून करावी?

तुमचा प्रश्न असा आहे: निवाऱ्यातून आणलेला, साधारण नऊ महिन्यांचा मिश्र जातीचा कुत्रा घरात हाकेला येतो, पण दाराबाहेर पडला की ढुंकूनही बघत नाही. ‘बस’ म्हटलं तर कधी बसतो, कधी नुसता तोंडाकडे बघत राहतो. शिवाय ओळखीतल्या कुणीतरी सांगून ठेवलंय की असले कुत्रे शिकत नसतात, जातिवंत पिल्लू आणायला हवं होतं.

ते शेवटचं वाक्य आधी डोक्यातून काढून टाका. २०२२ मध्ये ‘सायन्स’ या नियतकालिकात एक मोठा अभ्यास आला होता. १८,००० हून जास्त कुत्र्यांच्या वागणुकीबद्दल त्यांच्या मालकांना प्रश्न विचारले होते, २,००० हून जास्त कुत्र्यांची जनुकीय तपासणी केली होती, आणि त्यात मिश्र जातीचे कुत्रे भरपूर होते. निघालं काय, तर कुत्र्याकुत्र्यांच्या वागण्यात जो फरक दिसतो त्यातला सुमारे ९ टक्केच फरक जातीवरून सांगता येतो. माणसाच्या सांगण्याकडे लक्ष देण्याच्या बाबतीत जातीचा वाटा इतर गुणांपेक्षा जास्त दिसला हे खरं, पण तिथेही एकाच जातीतले दोन कुत्रे एकमेकांपासून खूप वेगळे निघाले. म्हणजे जातिवंत पिल्लू आणलं असतं तरी ते शिकण्यात कसं निघेल याची खात्री कुणी देऊ शकलं नसतं.

त्याच्यात कुठकुठल्या जातींचं रक्त आहे याचे अंदाज बांधण्यातही वेळ घालवू नका. नुसतं रूप बघून केलेले असे अंदाज डीएनए तपासणीत वारंवार चुकलेले आहेत. त्यापेक्षा दोन-तीन दिवस काही न शिकवता त्याच्याकडे नीट बघा. बाहेर गेल्यावर तो कशाकडे ओढतो? जमिनीचा वास घेत रमतो, की हलणाऱ्या गोष्टीमागे धावतो? चिंधी धरून खेचाखेच आवडते का? दोन-तीन प्रकारचा खाऊ समोर ठेवला तर आधी कशाला तोंड लावतो? या निरीक्षणातून तुम्हाला त्याच्या आवडीची यादी मिळेल, आणि पुढचं सगळं शिक्षण त्या यादीवर चालणार आहे. बाहेर गेल्यावर तो त्याच्या आवडीचा खाऊही नाकारत असेल, तर तो घाबरलेला किंवा गोंधळलेला असण्याची शक्यता मोठी आहे. अशा वेळी आज्ञा बाजूला ठेवा आणि आधी शांत जागी नुसतं फिरवा.

वयाचंही लक्षात घ्या. २०२० मध्ये इंग्लंडमधल्या संशोधकांनी दाखवलं की ‘बस’ म्हटल्यावर पाच महिन्यांचं पिल्लू सांभाळणाऱ्या माणसाचं जितकं ऐकतं, त्यापेक्षा आठव्या महिन्यात कमी ऐकतं. गंमत म्हणजे परक्या माणसाचं ऐकणं कमी झालेलं नव्हतं. कुत्र्यांचंही पौगंडावस्थेचं वय असतं आणि ते सरतं. तुमचा त्याच उंबरठ्यावर आहे, तेव्हा आज जे जमत नाही त्यावरून त्याच्या बुद्धीबद्दल मत बनवू नका.

आता माझ्या मते जी सगळ्यात महत्त्वाची गोष्ट आहे, ती सांगते. कुठलीही आज्ञा शिकवायच्या आधी तुमच्याकडे लक्ष देणं त्याच्या फायद्याचं आहे हे त्याला कळायला हवं. बाहेर लाख वास असतात, आवाज असतात, दुसरे कुत्रे असतात. त्यात तुम्ही फक्त दोरीचं दुसरं टोक धरणारा माणूस असाल, तर त्याने तुमच्याकडे का बघावं?

माझी कुत्री काळी, अंगाने सडपातळ, एक कान उभा आणि एक अर्धवट पडलेला. बाहेर पडली की नाक जमिनीला चिकटलेलं. नाव घेतल्यावर ती वळायची नाही, पण नीट पाहिलं तर तो उभा कान किंचित मागे फिरायचा. तेवढंच. डोकं खाली, पाय पुढे, शेपटी ताठ, आणि कान माझ्याकडे. मी त्या कानाची वाट बघायला लागले. कान फिरला की लगेच ‘छान!’ आणि खाऊ तिच्या नाकाजवळ. काही दिवसांनी कानाबरोबर मान वळायला लागली. मग ती थांबायला लागली, आणि पुढे न बोलावताच चालता चालता मागे वळून माझ्याकडे बघायला लागली. ते न मागता बघणं हाती आलं की ‘ये’ शिकवणं अगदी सोपं होतं. तुमच्या कुत्र्याचे कान लोंबते असतील तर मानेकडे, डोळ्यांकडे बघा. त्याने ऐकल्याची पहिली खूण शोधा आणि तिचा मोबदला द्या. तो पूर्ण येईपर्यंत थांबलात, तर शाबासकी द्यायची वेळच येणार नाही.

त्यासाठी शाबासकीचा एक ठरावीक, छोटा शब्द हवा. ‘छान’, ‘येस’, काहीही चालेल, फक्त घरातल्या सगळ्यांनी तोच वापरायचा. आधी घरात शांतपणे बसून शब्द म्हणायचा आणि खाऊ द्यायचा, असं बरेचदा करायचं. रशियन शास्त्रज्ञ पाव्हलोव्ह यांच्या प्रयोगांत खाण्याआधीची खूण मिळाली की कुत्र्यांना लाळ सुटायची, त्यामागे हेच जोडणं होतं. हवी ती कृती झाली की एका सेकंदाच्या आत तो शब्द तोंडातून गेला पाहिजे. खाऊ खिशातून काढायला वेळ लागला तरी हरकत नाही, शब्दाने क्षण पकडलेला असतो. नवशिक्यांचा बहुतेक गोंधळ इथे होतो: कुत्रा बसतो, मालक शब्द न म्हणताच खिसा चाचपतो, तोवर कुत्रा उठतो आणि खाऊ उठल्याबद्दल मिळतो.

खाऊ मऊ आणि नखाएवढा असू द्या, म्हणजे चावण्यात वेळ जात नाही. दिवसभरातल्या एकूण खाण्याच्या दहाव्या हिश्शापेक्षा जास्त खाऊ होऊ देऊ नका, तेवढं जेवण कमी करा. चॉकलेट, द्राक्षं, बेदाणे, कांदा आणि झायलिटॉल (साखरेऐवजी वापरतात तो पदार्थ) असलेला कुठलाही गोड पदार्थ कुत्र्यांना विषारी असतो, हे घरातल्या लहान मुलांनाही सांगून ठेवा.

‘बस’ शिकवताना खाऊ धरलेली मूठ त्याच्या नाकाला जवळजवळ टेकवा आणि हळूहळू वर आणि किंचित मागे, कपाळावरून न्या. नाक वर जातं तसं मागचं अंग आपोआप खाली येतं. ढुंगण जमिनीला लागलं रे लागलं की ‘छान’. हात फार उंच नेलात तर तो उडी मारेल. मागे मागे सरकत असेल तर त्याला भिंतीला पाठ करून उभा करा. हे जमलं की खाऊ दुसऱ्या हातात घ्या आणि रिकाम्या हाताने तीच हालचाल करा. शब्द शिकवण्याची पायरी सगळ्यात शेवटी येते. त्या पायरीवर आधी ‘बस’ म्हणा, क्षणभर थांबा, मग हात हलवा. शब्द आणि हात एकदम आले तर कुत्रा हाताकडे बघतो आणि शब्द त्याच्यापर्यंत पोचतच नाही. तुमचा कुत्रा ‘बस’ म्हटल्यावर नुसता तोंडाकडे बघतो, त्याचं कारण बहुधा हेच असावं: त्याला हाताची खूण माहीत आहे, शब्द माहीत नाही. आणि शब्द एकदाच म्हणायचा. ‘बस, बस, अरे बस ना’ असं रोज ऐकणारा कुत्रा चौथ्या हाकेला बसायला शिकतो.

पाठीवर हात ठेवून खाली दाबू नका, कंबरेवर आणि गुडघ्यांवर ताण येतो. मिश्र जातीच्या कुत्र्याच्या शरीराची ठेवणही नीट बघायला हवी. लांब पायांच्या, सडसडीत कुत्र्यांना गुळगुळीत फरशीवर बसणं अवघड जातं. सतरंजी टाकली की तोच कुत्रा पटकन बसतो. तरीही तो वाकडा बसत असेल किंवा बसायला टाळाटाळ करत असेल, तर पशुवैद्याला दाखवा. दुखणाऱ्या कुत्र्याला शिस्त लावायला जाणं हा त्याच्यावर अन्याय आहे.

‘ये’ ही आज्ञा मात्र जिवाची आहे, गाडीखाली येण्यापासून वाचवणारी. म्हणून तिचे नियम कडक ठेवा. नको असलेल्या कामासाठी ‘ये’ म्हणायचं नाही. आंघोळ, औषध, नखं कापणं, घरी परतणं, यासाठी तुम्ही त्याच्याकडे जा. तो येईल अशी खात्री नसेल तेव्हा ‘ये’ म्हणू नका, कारण न आलेल्या प्रत्येक हाकेने तो शब्द कमजोर होतो. आतापर्यंत बाहेर ‘ये’ वाया गेलेलं असेल तर तो शब्द सोडून द्या आणि नवा निवडा.

घरात दोन माणसांनी समोरासमोर बसून आळीपाळीने बोलवायचं, इथून सुरुवात करा. मग अंगण, मग मोकळी पण शांत जागा. बाहेर पाच ते दहा मीटरची लांब दोरी वापरा, आणि ती गळ्याच्या पट्ट्याला न बांधता छातीच्या हार्नेसला अडकवा, नाहीतर धावताना मानेला हिसका बसतो. हाक मारली की त्याच्या दिशेने चालत जाऊ नका. उलट मागे पळा किंवा तिरकं उकिडवं बसा. पळणाऱ्या माणसामागे कुत्रा आनंदाने येतो. आला की त्याचा सगळ्यात आवडता खाऊ द्या, एका हाताने पट्टा हलकेच धरा, आणि मग ‘जा’ म्हणून पुन्हा वास घ्यायला सोडा. हे सोडणं खाऊइतकंच मोलाचं आहे. हाकेला गेलं की मजा संपते असं एकदा त्याच्या मनात बसलं की तो लांबूनच तुमचा अंदाज घ्यायला लागतो.

घरात येतो आणि बाहेर येत नाही, यात त्याचा हट्ट काही नाही. कुत्रा शब्दाबरोबर जागाही शिकतो. स्वयंपाकघरात ‘बस’ समजलेल्या कुत्र्याला रस्त्यावरचं ‘बस’ जवळजवळ नव्याने शिकवावं लागतं. जागा बदलली की अपेक्षा कमी करा, खाऊ चांगला करा, आणि दोन-तीनदा चुकलं तर एक पायरी मागे या.

‘थांब’ मध्ये वेळ, अंतर आणि व्यत्यय, अशा तीन गोष्टी असतात. एका वेळी एकच वाढवा. आधी अगदी जवळ उभं राहून दोन सेकंद, मग पाच, मग दहा. नंतर एक पाऊल मागे, पण वेळ पुन्हा कमी. खाऊ द्यायला तुम्ही त्याच्याकडे जा. त्याला बोलावून दिलात तर तो निघायच्या तयारीतच बसेल. आणि मोकळं करायचा शब्द हवाच, नाहीतर कधी उठायचं हे तो स्वतः ठरवेल. ‘सोड’ साठी तोंडातली वस्तू हिसकावू नका, तिच्यापेक्षा चांगली गोष्ट नाकाशी धरा. सुटली की शाबासकी द्या, आणि वस्तू निरुपद्रवी असेल तर ती परतही द्या.

एका वेळी तीन ते पाच मिनिटं पुरे. डेन्मार्कमध्ये बीगल कुत्र्यांवर झालेल्या, २०११ मध्ये प्रसिद्ध झालेल्या एका प्रयोगात आठवड्यातून एक-दोनदा शिकवलेले कुत्रे रोज शिकवलेल्यांपेक्षा कमी सत्रांत शिकले. एखादा दिवस चुकला म्हणून जिवाला लावून घेऊ नका. आज्ञा पक्की झाली की दर वेळी खाऊ देण्याची गरज नाही, कधी खाऊ, कधी खेळ, कधी नुसती शाबासकी. ‘ये’ ला मात्र मी कायम खाऊ देते.

‘त्याला दाखवून द्या घरात मालक कोण आहे’ असा सल्ला तुम्हाला मिळेलच. हे खूळ आलं ते बंदिस्त जागेत एकत्र कोंडलेल्या, एकमेकांना अनोळखी लांडग्यांच्या अभ्यासातून. डेव्हिड मेक यांनी लांडग्यांवर अनेक वर्षं काम केलं आणि १९९९ च्या लेखात स्पष्ट लिहिलं की रानातला कळप म्हणजे बहुधा आईबाप आणि त्यांची पिल्लं, म्हणजे एक कुटुंब, मालकीसाठी भांडणारी टोळी नव्हे. पोर्तुगालमध्ये ९२ पाळीव कुत्र्यांवर झालेल्या, २०२० मध्ये प्रसिद्ध झालेल्या अभ्यासात हिसके आणि ओरडा यांवर भर देणाऱ्या शाळांतले कुत्रे जास्त तणावात दिसले, शिकवणीनंतर त्यांच्या लाळेतलं कॉर्टिसॉल, म्हणजे तणावात वाढणारं संप्रेरकही वाढलेलं होतं. तुमचा कुत्रा निवाऱ्यातून आलाय, त्याच्या मागच्या आयुष्यात काय घडलं हे तुम्हाला ठाऊक नाही. त्याच्यावर हात उगारायचा नाही, एवढं घरात सगळ्यांनी ठरवून टाका.

तो गुरगुरत असेल तर त्याबद्दल त्याला दटावू नका. गुरगुरणं ही सूचना असते; ती दाबून टाकली तर पुढच्या वेळी तो सूचना न देता चावेल. मागे सरा, कशामुळे गुरगुरला ते लिहून ठेवा आणि प्रशिक्षकाची मदत घ्या. प्रशिक्षक निवडताना विचारा: कुत्रा चुकला की तुम्ही काय करता? उत्तरात चोक चेन (ओढली की गळा आवळणारी साखळी) किंवा शॉक पट्टा (विजेचा झटका देणारा) आला, तर दुसरा प्रशिक्षक शोधा.