व्हिन्सन: पर्वत, रांग की शिखर?

प्रश्न असा आहे: अंटार्क्टिकावरच्या सर्वोच्च जागेचा उल्लेख कुठे ‘व्हिन्सन पर्वत’, तर कुठे ‘माउंट व्हिन्सन मॅसिफ’ असा दिसतो. मराठीत नेमके काय लिहावे?

‘माउंट व्हिन्सन मॅसिफ’ आधी बाद करावे, कारण त्यात दोन वेगळ्या गोष्टींची नावे एकमेकांत मिसळली आहेत. मॅसिफ म्हणजे सुमारे २१ किमी लांब, १३ किमी रुंद आणि अनेक शिखरे असलेला डोंगराचा एकसंध ठोकळा. माउंट व्हिन्सन हे त्यावरचे सर्वांत उंच टोक, ४,८९२ मीटरचे. अमेरिकेच्या नामकरण समितीने ही नावे २००६ मध्ये वेगळी केली. त्याआधी टोकालाही सर्रास मॅसिफच म्हटले जाई. म्हणून ठोकळ्याला ‘व्हिन्सन गिरिपिंड’ आणि टोकाला ‘व्हिन्सन शिखर’ म्हणावे.

मग ‘पर्वत’ कशाला म्हणायचे? ‘सह्याद्री पर्वत’ म्हणताना आपल्या मनात सगळा विस्तार असतो. कळसूबाई मात्र शिखर, आणि मधल्या पायरीला रांग: कळसूबाईची रांग, सातमाळ्याची रांग. इथेही हीच उतरंड चपखल बसते. एल्सवर्थ पर्वत रॉनी आइस शेल्फच्या (समुद्रावर तरंगणाऱ्या बर्फाच्या जाड थराच्या) पश्चिमेला सुमारे ३५० किमी पसरला आहे. मिनेसोटा हिमनदीच्या उत्तरेला त्याची सेंटिनल रांग, दक्षिणेला हेरिटेज रांग. व्हिन्सन सेंटिनल रांगेत येतो. क्रियापद एकवचनीच ठेवावे. इंग्रजी अनेकवचन पाहून ‘एल्सवर्थ पर्वत पसरले आहेत’ लिहिले, तर सुटेसुटे पर्वत असल्याचा समज होतो.

जुना मजकूर वाचताना आणखी एक काळजी घ्यावी. अमेरिकी शोधक लिंकन एल्सवर्थ यांनी २३ नोव्हेंबर १९३५ रोजी विमानातून हे डोंगर पाहिले आणि ‘सेंटिनल’ हे नाव दिले. पुढच्या सर्वेक्षणांनंतर ते नाव उत्तर भागापुरते उरले आणि संपूर्ण पर्वताला एल्सवर्थ यांचे नाव मिळाले. व्हिन्सनची ५,१४० मीटर ही उंचीही जुनीच. ४,८९२ हा आकडा २००४ च्या जीपीएस मोजणीचा.

विशेषनामांचे भाषांतर करू नये. व्हिन्सन हे अमेरिकी काँग्रेसचे सदस्य कार्ल व्हिन्सन यांचे आडनाव, तिथे तो मोह होणारच नाही. पण सेंटिनलची ‘प्रहरी रांग’ केली की वाचकाला ती नकाशावर सापडणार नाही. सामान्यनाम तेवढे मराठीत आणावे: हेरिटेज रांगेतल्या ‘लिबर्टी टेकड्या’, ‘पेट्रियट टेकड्या’. तसेच ‘व्हिन्सन शिखरावरची पहिली चढाई डिसेंबर १९६६ मध्ये झाली’ असे लिहावे. ‘गिरिपिंडावरची’ लिहिले तर कोणते शिखर ते कळत नाही.