कलाकार माहितीपटात ‘स्वतः’ म्हणून दिसला, तर ती भूमिका मानावी का?

श्रेयनामावलीच्या दृष्टीने ती भूमिका नव्हे. म्हणूनच चित्रपटसूचींमध्ये अशी नोंद अभिनयापासून वेगळी, ‘स्वतः’ या सदरात केली जाते. मात्र कॅमेऱ्यासमोर माणूस थोडाफार सावरून बसतोच, त्यामुळे ते दर्शन अगदी निखळ असते असे मी म्हणणार नाही.

मुंबईतले उदाहरण पाहा. शाहीर विलास घोगरे हे आनंद पटवर्धन यांच्या ‘बॉम्बे: अवर सिटी’ (१९८५) या झोपडपट्टीवासीयांवरील माहितीपटात स्वतः गाताना दिसतात, पुढे १९९७ मध्ये घाटकोपरच्या रमाबाई आंबेडकर नगरातील पोलीस गोळीबारानंतर त्यांनी आत्महत्या केली, आणि त्याच पटवर्धनांनी १४ वर्षे चित्रीकरण करून २०११ मध्ये पूर्ण केलेल्या ‘जय भीम कॉम्रेड’ची सुरुवात त्या मृत्यूपासून झाली. शाहिराचा आवाज आणि त्याची देहबोली आज आपल्यापुढे आहे, ती अशा चित्रणामुळे.

दूरचित्रवाणीवरील मुलाखतीचा प्रकार निराळा. तिथे प्रश्न आणि वेळ दोन्ही आधीच ठरलेले असल्याने कलाकार बहुधा आपली परिचित प्रतिमाच पुढे ठेवतो. (मुंबई दूरदर्शनच्या जुन्या, संथ मुलाखती याला काहीशा अपवाद वाटतात.)