राजी अर्जावर सही करण्याआधी

"ताई, भाऊ वाटणीच्या दाव्यात राजी करूया म्हणतात. सही केली तर हक्क जाईल, नाही केली तर माहेर जाईल. काय करू?"

बेळगाव, खानापूर, निपाणीकडच्या आणि इथून चंदगड-गडहिंग्लजला दिलेल्या कितीतरी बायका मला हे विचारतात. राजी म्हणजे कोर्टातल्या दाव्यात आपसांत केलेली तडजोड. उत्तर म्हणून एका घराचं सांगते. ओळख पटू नये म्हणून तपशील बदललेत.

खानापूर तालुक्यातलं घर. 3 एकर 8 गुंठे वडिलोपार्जित भातशेत, एक विहीर. वडील वारलेले. आई, दोन भाऊ आणि चंदगडकडे दिलेली बहीण. धाकट्यानं वाटणीचा दावा घातला आणि एका अंगणातलं बोलणं बंद झालं. बहिणीला वाटायचं, लग्नात घातलं तोच आपला हिस्सा. तसं नसतं. आधी रीतसर वाटणी झालेली नसेल, तर हिंदू वारसा कायद्याच्या 2005 च्या दुरुस्तीनं वडिलोपार्जित जमिनीत मुलीला जन्मापासून मुलाइतकाच हक्क आहे. त्या वेळी वडील हयात असायलाच हवेत असं नाही, हेही सुप्रीम कोर्टानं 2020 मध्ये स्पष्ट केलंय. या घरात वकिलांच्या हिशेबानं चौघांना 32-32 गुंठे येत होते.

पण हिशेब कळला म्हणून भांडण मिटत नाही. थोरला माझ्याकडे आला तो एक जुनी वही घेऊन. आईचं मोतीबिंदूचं ऑपरेशन, बांध घालायची मजुरी, विहिरीतला गाळ काढला ते वर्ष, सगळं पेन्सिलीनं लिहिलेलं. मी त्याला ती वही सगळ्यांसमोर वाचायला सांगितली. अर्धा तास लागला. धाकटा मान खाली घालून ऐकत होता. शेवटी एवढंच म्हणाला, "हे आमाला कधी सांगिटलंस कुठं?" थोरल्याला पैसे नको होते. राबलो त्याची कुणीतरी नोंद घ्यावी, एवढंच त्याला हवं होतं. माझ्या अनुभवात वाटणीची निम्मी भांडणं अशाच न वाचलेल्या वहीपाशी अडलेली असतात.

त्यानंतर बोलणं सरळ झालं. आईचे 32 गुंठे ती असेपर्यंत थोरला कसणार आणि पीक तिच्या हाती देणार. बहीण रस्त्याकडचे 20 गुंठे घेणार, उरलेल्या 12 गुंठ्यांचे पैसे धाकटा दोन हप्त्यांत देणार.

वकिलांकडून अर्जाचा मसुदा आला, तो कानडीत. बहिणीनं पेन हातात घेतलं आणि थांबली. "सही करायची हाय की वो, पण काय लिवलंय ते तरी कळू दे." धाकट्याला कानडी वाचता येतं. तो एकेक ओळ वाचून मराठीत सांगू लागला. चतुःसीमा झाल्या, हप्ते झाले, आणि एका ओळीवर तो गप्प झाला. विहीर एकट्या थोरल्याच्या हिश्श्यात लिहिलेली होती. खोलीतली हवाच बदलली. धाकटा उठणार, इतक्यात थोरलाच म्हणाला, "खोडा ते. आबांनी विहीर सगळ्यांसाठी खणली." मुद्दाम कुणी केलं नव्हतं, जुन्या कागदावरून तसं उतरलं होतं. पण तशीच सही झाली असती तर?

म्हणून सांगते, घाई करू नका. दिवाणी कायद्यात तडजोड लेखी आणि पक्षकारांच्या सहीची लागते. ती कायदेशीर आहे अशी खात्री झाली की कोर्ट तीवर हुकूमनामा करतं. मग कुणी हप्ता चुकवला तर नवा दावा नको, अंमलबजावणीचा अर्ज करता येतो. मात्र सहज मागेही फिरता येत नाही. संमतीच्या हुकूमनाम्यावर अपील नाही, आणि तडजोडच बेकायदेशीर होती म्हणून वेगळा दावाही चालत नाही, त्याच कोर्टात जावं लागतं. वाटेकऱ्यांत अज्ञान, म्हणजे अठरा वर्षांखालचं मूल असेल तर त्याच्या वतीनं तडजोडीला कोर्टाची परवानगी घ्यावीच लागते. लोकअदालतीत मिटवलंत तर कोर्ट फीही परत मिळते.

आणि ताई, सही नाकारणं म्हणजे माहेर तोडणं नव्हे. "मला मराठीत वाचून दाखवा" म्हणणं तर मुळीच नव्हे.

विहीर सामाईक झाली, तेव्हा पाण्याची पाळी लिहायची वेळ आली. मी वार वाटून घ्या म्हटलं. इतका वेळ कोपऱ्यात बसलेली आई पहिल्यांदा बोलली, "वारानं नको. करंट नसला त्या दिवशी काय करतील? परत भांडतील." मग थ्री फेजच्या तासांवर पाळी बांधली, आणि करंट गेला तर उरलेले तास पुढच्या दिवशी भरून द्यायचे, अशी ओळ घातली. अर्ज पुन्हा टाईप झाला. धाकट्यानं तो पुन्हा पहिल्यापासून वाचला, आणि मग बहिणीनं सही केली.