'कूपर' या इंग्रजी नावाचा अर्थ काय? मुलाचं नाव म्हणून ठेवायला कसं आहे?

तुमचा प्रश्न थोडक्यात असा: बहीण मेलबर्नला असते, नवरा तिथलाच, मुलगा झालाय आणि नाव जवळजवळ ठरलंय, कूपर. इकडे आजी रोज फोनवर विचारतेय, "अगं पण अर्थ काय त्याचा?" आणि नात्यातल्या कुणीतरी तिला सांगून ठेवलंय की कूपर म्हणजे तांबट.

तांबट नाही. तांब्याला इंग्रजीत 'कॉपर' म्हणतात, हे 'कूपर'. ऐकायला जवळचे असले तरी दोन शब्दांचं एकमेकांशी काही नातं नाही. कूपर म्हणजे लाकडी पिंपं बनवणारा कारागीर.

आजीला एका शब्दात सांगायचं तर पंचाईत आहे, कारण या धंद्याला मराठीत शब्दच नाही. कुंभार आहे, कासार आहे, टोपल्या विणणारा बुरूड आहे; पण फळ्या जोडून पिंप करणारा कुणी नाही, कारण ती चीजच आपली नव्हे. आपण पाणी रांजणात ठेवलं, तेल चामड्याच्या बुधल्यात, धान्य कणगीत. लाकडी पिंप आलं फिरंग्यांच्या जहाजांतून, आणि नावही सोबत घेऊन आलं. 'पीप', 'पिंप' हे शब्द पोर्तुगीज 'पिपा'वरून आलेले आहेत. आता पिंप म्हटलं की डोळ्यांसमोर निळा प्लॅस्टिकचा ड्रम येतो, ती गोष्ट वेगळी.

मी या उत्तराच्या वाटेला गेलो कारण दिंडोरीकडच्या एका वायनरीत नऊ वर्षं तळघराचं काम पाहिलं. तिथे फ्रान्सहून आलेली ओकची पिंपं असायची, प्रत्येकी २२५ लिटरची. पहिल्याच वर्षी मे महिन्यात वाइन भरायच्या आधी पिंपं पाण्याने तपासायला घेतली, तर त्यातली दोन-तीन चक्क रडायला लागली. नाशिकच्या कोरड्या उन्हाळ्यात रिकामी राहिल्याने फळ्या आक्रसल्या होत्या आणि सांध्यासांध्यांतून पाणी झिरपत होतं. आमच्यातला एकजण धावत जाऊन एम-सील घेऊन आला. तेव्हा पाहुणा म्हणून आलेला एक फ्रेंच माणूस अक्षरशः ओरडला. त्याने एक हातोडी आणि एक बोथट पाचर घेतली, आणि पिंपाभोवती फिरत लोखंडी कडं ठोकायला सुरुवात केली. दोन ठोके, अर्धं पाऊल, दोन ठोके, अर्धं पाऊल. आधी ठप्प ठप्प असा आवाज येत होता, चार फेऱ्यांनंतर खणखणीत यायला लागला. मग दोन बादल्या कढत पाणी आत ओतून पिंप एका टोकावर उभं केलं, काही वेळाने दुसऱ्या टोकावर. सकाळी येऊन पाहतो तो फळ्या फुगून एकमेकींना घट्ट बिलगलेल्या. एकाच सांध्यातून अजून थेंब येत होता. तिथे त्याने पाणकणसाचं वाळलेलं पातं कोंबलं. पाणकणीस म्हणजे आपल्या ओढ्याकाठी उगवतं तेच. युरोपात पिंपांच्या फटी बुजवायला लव्हाळ्याची अशीच पाती शेकडो वर्षं वापरतात, हे मला तेव्हा कळलं. एम-सील तसंच परत गेलं.

फळ्यांच्या सांध्यांत ना खिळा, ना डिंक. प्रत्येक फळी मधे रुंद आणि दोन्ही टोकांना निमुळती. कडा अशा तिरक्या तासलेल्या की वीस-तीस फळ्या गोल उभ्या केल्या की शेजारच्या दोघींत केसही जाऊ नये. जुना कूपर हे सगळं नजरेने करायचा. फळ्यांची कड तासायला त्याचा रंधा माणसाएवढा लांब, आणि तोही उलटा, पातं वर करून टेकवलेला. रंधा लाकडावर नाही, लाकूड रंध्यावर सरकवायचं. मग एका टोकाला कडं घालायचं, आत ढलप्यांचा जाळ करायचा, बाहेरून पाणी मारायचं, आणि मऊ पडलेल्या फळ्या दुसऱ्या टोकाला ओढून आणायच्या. आपल्याकडे बैलगाडीच्या चाकाला लोहार धाव तापवून चढवतो. कूपर कडं थंडच चढवतो, कारण पिंपाचं पोट मधे फुगलेलं असतं. कडं पोटाकडे जितकं सरकवाल तितकं ते आवळत जातं. त्या पोटाचा आणखी एक फायदा. भरलेलं पिंप पावणेतीनशे किलोच्या घरात जातं, पण आडवं केलं की जमिनीला जेमतेम टेकतं, त्यामुळे एकटा माणूस ते लोटतो, वळवतो. मी वळवलेलं आहे, आणि मी काही पैलवान नाही.

आता शब्द. इंग्रजीत तो डच आणि जर्मन किनाऱ्याकडून आला, तिथे 'कूप' म्हणजे पिंप किंवा हौद. आणि त्यांनी तो लॅटिन 'कूपा'वरून घेतला. चहाचा 'कप' त्याच घराण्यातला. आणि बरेच कोशकार या 'कूपा'चं नातं आपल्या संस्कृत 'कूप'शी जोडतात. कूप म्हणजे विहीर, पोकळ खोलगट जागा. कूपमंडूकातला कूप, कूपनलिकेतला कूप. अत्तराची कुपीही त्यातलीच. ऑस्ट्रेलियात या मुलाला लाडाने 'कूप' म्हणणार हे नक्की. तेव्हा आजीला सांगायला एक वाक्य मिळालं.

धंदा किती मोठा होता याची आज कल्पना येत नाही. आल्प्सकडचे लोक दारू लाकडी भांड्यांत भरून त्यांना कडी घालतात, असं रोमन लेखक प्लिनीने पहिल्या शतकात लिहून ठेवलंय. पुढे दारूच काय, पाणी, खारवलेलं मांस, हेरिंग मासे, पीठ, तंबाखू, खिळे, बंदुकीची दारू, सगळं पिंपांतून फिरायचं. कूपरांतही जाती होत्या: पातळ पदार्थांची पिंपं करणारा सगळ्यांत मानाचा, कोरड्या मालाची करणारा दुसरा, बादल्या आणि लोण्याची भांडी करणारा तिसरा. बंदुकीच्या दारूच्या पिंपाला लोखंडी कडं चालत नसे, ठिणगी उडाली तर सगळं संपलं. म्हणून लाकडाची नाहीतर तांब्याची कडी. (तुमच्या नातेवाइकांचा तांबट एवढ्यापुरता खरा.)

मला सगळ्यांत आवडते ती १५८७ ची गोष्ट. स्पेन इंग्लंडवर आरमार पाठवायच्या तयारीत होता. इंग्रज दर्यावर्दी फ्रान्सिस ड्रेकने काडीझ बंदरावर छापा मारला, आणि नंतर पोर्तुगालच्या किनाऱ्यालगत पिंपांच्या फळ्या आणि कडी वाहून नेणारी गलबतं पकडून तो सगळा माल जाळला. सुकी लाकडं! पण चांगलं ओकचं लाकूड पिंपासाठी उघड्यावर दोन-तीन वर्षं मुरवावं लागतं. दुसऱ्या वर्षी आरमार निघालं ते ओल्या लाकडाच्या पिंपांवर. ती गळायला लागली, पाणी नासलं, खाणं कुजलं. वादळांनी आरमार बुडवलं हे शाळेत शिकवतात, पिंपांचं कुणी सांगत नाही.

जहाजावर कूपर लागायचाच. १६२० साली 'मेफ्लॉवर' अमेरिकेला गेलं तेव्हा जॉन ऑल्डन नावाच्या तरुणाला साउदॅम्प्टनला कूपर म्हणूनच कामावर घेतलं होतं. परत यायची मुभा होती, तो तिथेच राहिला. बातम्यांत आपण 'कच्चं तेल प्रति बॅरल' ऐकतो तेही इथलंच. १८५९ साली अमेरिकेतल्या पेन्सिल्वेनियात तेल लागलं तेव्हा भरायला लाकडी पिंपंच होती. हिशेब ४२ गॅलनवर, म्हणजे साधारण १५९ लिटरवर ठरला. लाकूड कधीच गेलं, माप राहिलं.

इतके कूपर, म्हणून इतकी आडनावं. इंग्लंडमध्ये आडनावं पक्की झाली ती साधारण तेराव्या-चौदाव्या शतकात, तेव्हा गावातला कूपर जॉन म्हणजे जॉन कूपर. कौलं घालणारा टायलर, बाणांना पिसं लावणारा फ्लेचर, गाडीवान कार्टर, गवंडी मेसन. पिंपांना कडी घालणारा तो हूपर. होय, आपल्या बोलर्सना छळणारा वेस्ट इंडिजचा कार्ल हूपर याच खानदानातला. युरोपभर हेच. डचमध्ये कूपर म्हणजे 'कायपर', त्यावरून आडनाव असलेल्या खगोलशास्त्रज्ञाचं नाव नेपच्यूनपलीकडच्या कायपर पट्ट्याला आहे. हंगेरीत तोच 'कादार', युक्रेनमध्ये 'बोंदारेन्को'. विल्यम काउपर नावाचा कवी होऊन गेला, स्पेलिंग असं की आपण काउपर वाचावं. त्याच्या नावाचा उच्चारही कूपरच.

आडनावाचं पहिलं नाव कसं झालं, हे मात्र आपल्याला जरा विचित्र वाटतं. खानदानी घरांत आईचं माहेरचं आडनाव बुडू नये म्हणून ते मुलाला नाव म्हणून द्यायची रीत पडली. म्हणजे पोतनिसांची मुलगी जोश्यांकडे दिली आणि तिने मुलाचं नाव ठेवलं पोतनीस. पोतनीस विजय जोशी! अमेरिकेत ही रीत फोफावली, मग माहेरचा संबंधही सुटला आणि नुसतं कानाला बरं वाटतं म्हणून टायलर, मेसन, हंटर, कार्टर, कूपर अशी नावं ठेवू लागले. गेल्या पंचवीस-तीस वर्षांत तर त्यांची लाटच आहे. आपल्याकडे हे होणार नाही, असं माझं मत. सुतार, कुंभार, परीट या शब्दांना अजून जात चिकटलेली आहे. हौस म्हणून ते नाव कोण ठेवील? तिकडे धंदा मेला आणि नाव मोकळं झालं. बिअरची पिंपं स्टीलची आणि अॅल्युमिनियमची झाली, इंग्लंडमधले कूपर बोटांवर मोजण्याइतके उरले. स्कॉटलंडमध्ये धंदा जिवंत आहे तो व्हिस्कीमुळे. ती किमान तीन वर्षं ओकच्या पिंपात मुरवायचा कायदाच आहे. उमेदवारी संपली की नव्या कूपरला त्याच्याच हातच्या पिंपात बसवून, वर काजळी, भुसा आणि बिअर ओतून, अंगणभर गडगडत नेतात. हळदीपेक्षा हे बरं की वाईट, मी सांगू शकत नाही.

ऑस्ट्रेलियात हे नाव अगदी रुळलेलं आहे, मुलाला कुणी दोनदा विचारणार नाही. ४ मार्च २०२५ ला दुबईत चॅम्पियन्स ट्रॉफीची सेमीफायनल पाहिली असेल तर आठवा: शमीने शून्यावर घालवलेला तो पोरगेला ओपनर, आणि नंतर ज्याने रोहितला पायचीत केलं तोही तोच, कूपर कॉनली. जन्म २००३ चा, म्हणजे या लाटेतलाच.

आणि आजी सातारकडची असेल तर काम आणखी सोपं. कूपरांचा लोखंडी नांगर तिच्या माहेरच्या शेतात चालला असण्याची दाट शक्यता आहे. साताऱ्याचे सर धनजीशा कूपर १९३७ मध्ये काही महिने मुंबई प्रांताचे पंतप्रधानही होते. मुख्यमंत्र्याला तेव्हा तसं म्हणत. पारशी घरांत हे आडनाव जुनं आहे, मुंबईकरांना ते जुहूच्या हॉस्पिटलमुळे पाठ आहे. आजीच्या कानाला ते परकं वाटणार नाही, फक्त नावाच्या जागी बसलेलं पाहून ती थोडी दचकेल.

माझं विचाराल तर ठेवा. बहिणीला एवढंच सांगा की मराठीत लिहिताना 'कू' दीर्घ काढायचा, नाहीतर पुन्हा कुणीतरी तांबट करेल. आणि बारशाला नाव कानात सांगायचा मान आत्याचा, म्हणजे इथे जावयाच्या बहिणीचा. त्या ऑस्ट्रेलियन बाईंना 'कुर्रर्र' आधीपासून शिकवायला घ्या. "कुर्रर्र कूपर" म्हणायला त्यांना अवघड जाऊ नये.