परवानगीच्या पत्रात मुदत कुठे आहे?

प्रश्न: एका हौशी गृहस्थांनी 1970च्या दशकात 8 मिमी कॅमेऱ्यावर केलेलं चित्रण मी माहितीपटात वापरलं. 'वापरण्यास हरकत नाही' असं पत्र त्यांनी 2018 मध्ये दिलं होतं; आता ते हयात नाहीत. एक ओटीटी कंपनी माहितीपट जगभर दाखवायला तयार आहे, पण तिच्या वकिलांनी या पत्रावर शंका घेतली. आम्ही चित्रण संथ केलं, त्यात रंग भरले, नवा ध्वनी दिला. शिवाय ते पन्नास वर्षं जुनं आहे. काळजी करावी का?

उत्तर: करावी, आणि ती 2018 मध्येच करायला हवी होती. अशी एका ओळीची पत्रं माझ्याकडे येतात ती नेमकी प्रदर्शनाच्या तोंडावर. कॅमेऱ्याच्या भाड्याचा करार पानंच्या पानं, आणि ज्या चित्रणावर माहितीपट उभा त्याला एक ओळ!

तुमच्या पत्रात मुदत नाही आणि हद्दही नाही. घोडं तिथेच अडलंय. कॉपीराइट अधिनियम, 1957च्या कलम 19(5) प्रमाणे मुदत लिहिली नसेल तर ती पाच वर्षं धरतात. 19(6) प्रमाणे हद्द लिहिली नसेल तर ती भारतापुरती. कलम 19 मूळचं हक्कांच्या हस्तांतरणाचं, पण 30अ मुळे परवान्यालाही लागू होतं. म्हणजे तुमची परवानगी 2023 मध्ये संपली, आणि जगभरासाठी ती बहुधा कधी नव्हतीच. मुदतीत तयार झालेला माहितीपट पुढेही दाखवता येतो, असा युक्तिवाद करता येईल. तो कोर्टात टिकेलच, असं मी लिहून देणार नाही. कंपनीचे वकीलही देणार नाहीत.

रूप पालटल्याने मूळ मालकी पुसली जात नाही. कलम 14 प्रमाणे चित्रणातल्या एका चौकटीचा फोटो काढणं हासुद्धा मालकाचाच हक्क, तेव्हा पोस्टरही तपासा. समीक्षेसाठी परवानगीशिवाय वापरायला कलम 52 ची सवलत आहे. निव्वळ वातावरणासाठी वापरलेल्या दृश्यांना ती मिळणं मला कठीण दिसतं.

जुनेपणाचा मुद्दा तर तुमच्यावरच उलटतो. कॉपीराइटची 60 वर्षं मोजतात ती चित्रणापासून नव्हे, प्रसिद्धीनंतरच्या वर्षापासून. ते रीळ कपाटातच पडून होतं आणि तुमच्या माहितीपटातूनच पहिल्यांदा लोकांसमोर आलं असेल, तर मोजणी तुम्हीच सुरू करून दिलीत.

आता वारसांकडे जा. आधी मृत्युपत्र आहे का ते पाहा. नसेल तर सगळ्या वारसांच्या सह्या घ्या, एकट्या थोरल्या मुलाची चालणार नाही. करारात संपूर्ण जग, कॉपीराइट असेपर्यंतची मुदत, ओटीटीसह प्रत्येक माध्यम नावानिशी, बदलांची मुभा आणि मोबदला लिहा. 2023 पासूनच्या वापरालाही त्यातच मान्यता घ्या. मालक सापडतच नसेल तर 31अ खाली कोर्टाकडून परवाना मागता येतो, पण वारस माहीत असताना त्या फेऱ्यात कशाला शिरता?

निकालाला वर्षं लागतात म्हणून निर्धास्त राहू नका. मनाईहुकूम प्रदर्शनाच्या आदल्या दिवशीही मिळू शकतो. आणि वारसांच्या सह्या हातात येईपर्यंत, 'सर्व हक्क निर्मात्याकडे आहेत' अशी हमी असलेल्या कंपनीच्या करारावर सही करू नका. नुकसानभरपाईचं कलम बहुतेक वेळा त्याच हमीला जोडलेलं असतं.