बॉल पायथनची शी: आधी पांढरा भाग बघा

तुमचा प्रश्न मला समजला तो असा: न्यू जर्सीत घर, मुलाचा दीड वर्षाचा पाळीव साप (बॉल पायथन), तीन आठवडे शी नाही. मधल्या काळात त्याने दोनदा उंदीर नाकारला, कात टाकली तीही तुकड्या-तुकड्यांत. परवा एकदाची शी झाली, तर पिवळट-केशरी कडक खडा आणि बाजूला चमचाभर हिरवट काळा लगदा. मुलाने शोधाशोध केली, 'किडनी फेल' वाचलं आणि आता घरात कोणी जेवत नाहीये.

आधी जेवून घ्या. तुम्ही दिलेल्या वर्णनावरून मला किडनीपेक्षा तुमच्या घरातली कोरडी हवा जास्त संशयित वाटते. जानेवारीत दिवसभर हीटिंग चालू असलं की इकडच्या घरांत आर्द्रता सहज तीस टक्क्यांच्या खाली जाते. हा साप पश्चिम आणि मध्य आफ्रिकेतला, दिवसभर बिळात दडून बसणारा. त्याला आर्द्रता साठ टक्क्यांच्या आसपास हवी, कात टाकताना सत्तरपर्यंत चालते. कात तुकड्यांत निघाली हे तुम्ही ओघात लिहून गेलात, पण माझ्या दृष्टीने तुमच्या पोस्टमधली तीच सगळ्यात कामाची ओळ आहे. कोरडी कात आणि कोरडा खडा यांचं कारण बहुधा एकच.

आता त्या खड्याबद्दल. गावाकडच्या घरातली पालीची लेंडी आठवा: काळी कांडी आणि टोकाला पांढरा ठिपका. तो पांढरा ठिपका म्हणजे तिची लघवी. सापाचंही तेच. प्रथिनं पचल्यावर जो नायट्रोजन उरतो तो आपण युरियाच्या रूपात भरपूर पाण्यात विरघळवून टाकतो. सापाचं शरीर त्याचं युरिक ॲसिड करतं. ते पाण्यात जवळजवळ विरघळतच नाही, म्हणून अगदी थोड्या पाण्यात बाहेर काढता येतं. सापाला मूत्राशयही नसतं. शी आणि हे युरेट (म्हणजे युरिक ॲसिडचा तो पांढरा भाग) एकाच वाटेने येतात, बहुतेक वेळा एकदमच, सोबत थोडं पाणी.

म्हणून मी सगळ्यांना सांगतो, तपकिरी भागाकडे नंतर बघा, आधी पांढरा बघा. तपकिरी भाग त्याने काय खाल्लं ते सांगतो, पांढरा भाग शरीरात पाणी किती आहे ते सांगतो. हातमोजे घालून आइस्क्रीमच्या काडीने तो खडा दाबून बघा. चांगलं युरेट पांढरं किंवा फिक्या साईच्या रंगाचं असतं आणि ओल्या खडूसारखं सहज चिरडतं. पिवळं-केशरी होऊन काडीखाली करकरायला लागलं, की पाणी कमी पडतंय असं समजा. उपाशी सापाचं युरेटही थोडं पिवळट येतं, त्यामुळे दोन जेवणं चुकलेल्या सापाचा एक पिवळा खडा म्हणजे आजार नव्हे. पण असेच खडे लागोपाठ येत राहिले तर दुर्लक्ष करू नका. पाण्याची टंचाई लांबली की किडनीवर ताण येतो, रक्तात युरिक ॲसिड साठतं आणि त्याचे स्फटिक आतल्या अवयवांवर बसतात. त्याला गाउट म्हणतात, आणि एकदा तो वाढला की डॉक्टरांच्या हातात फार काही उरत नाही.

हिरव्या रंगाने मुलगा घाबरला असेल तर त्याला सांगा की सरपटणाऱ्या प्राण्यांच्या पित्तात मुख्य रंगद्रव्य बिलिव्हर्डिन असतं, आणि ते हिरवंच असतं. पोट रिकामं असताना लगद्यात त्याची छटा दिसते. मात्र पांढरा भागच ठळक हिरवा आला तर लिव्हर किंवा रक्तपेशी बिघडल्याची शंका घेऊन डॉक्टर गाठायचा. तुमच्या वर्णनात तो पिवळा आहे, हिरवा नाही.

निरोगी तपकिरी भाग म्हणजे गडद, आकार धरून असलेला, आणि काडीने सोडवला तर आत उंदराच्या केसांचा गुंता. हाडं पचतात, केस आणि नखं केराटिनची, ती पचत नाहीत. केस दिसले तर घाबरू नका. कोंबडीची पिल्लं खाणाऱ्या सापाची शी जास्त पातळ आणि वासाला भयंकर असते, ते खाण्यामुळे. नर असेल तर कधी शेपटीच्या बुडाशी मेणासारखा पिवळसर तुकडा पडलेला सापडतो. तो वीर्याचा सुकलेला गोळा असतो, जंत नव्हे. यावरून दर हिवाळ्यात कोणी ना कोणी घाबरून मेसेज करतंच.

तीन आठवड्यांचं म्हणाल तर दिवस मोजत बसू नका. कॉर्न स्नेक बहुतेक वेळा खाल्ल्यावर आठवडाभरात मोकळा होतो. बॉल पायथन दोन-तीन आठवडे सहज घेतो, आणि खाल्लंच नसेल तर बाहेर येणार काय? आफ्रिकेतला गबून व्हायपर तर महिनोन्‌महिने शी धरून ठेवतो. जमिनीवर दबा धरून बसणाऱ्या जड सापांमध्ये हे दिसतं. झाडावर फिरणारे सडपातळ साप मात्र पोट लवकर हलकं करतात. दिवसांपेक्षा वजनाची वही ठेवा. स्वयंपाकघरातला नको, त्याच्यासाठी वेगळा डिजिटल काटा घ्या, आठवड्याला एक नोंद, शेजारी खाल्लेल्या उंदराचं वजन, शीची आणि कातेची तारीख. उपास चालू असून वजन जवळपास तेवढंच असेल तर बॉल पायथनच्या हिवाळी उपासाला मी भीक घालत नाही. वजन सरळ उतरत चाललं तर शी कितीही सुंदर दिसो, डॉक्टरकडे जायचं.

आता करायचं काय. टाकीच्या जाळीच्या झाकणाचा बराचसा भाग फॉइलने झाका, थोडी फट हवेला ठेवा. पाण्याचं भांडं मोठं घ्या, ज्यात तो गुंडाळी करून बसू शकेल. एका बंद डब्याला भोक पाडून आत ओलं स्फॅग्नम मॉस (पाणी धरून ठेवणारं शेवाळ) घालून ठेवा. काट्याचा गोल हायग्रोमीटर (आर्द्रता मोजणारं यंत्र) असेल तर तो टाकून द्या, ते बिनदिक्कत खोटं बोलतात. वायरच्या टोकाला प्रोब (सेन्सर) असलेला, तापमानही दाखवणारा डिजिटल घ्या. टाकीचं उबदार टोक ३१ ते ३२ अंश आणि थंड टोक २५ ते २७ अंश सेल्सियस आहे का तेही त्याच प्रोबने तपासा, कारण थंड सापाचं पचन रेंगाळतं. कोमट पाण्यात, साधारण २९-३० अंश, अर्ध्या अंगापर्यंत वीस मिनिटं बसवणं एखाद्या वेळी ठीक आहे. रोज करू नका, त्याला त्याचा ताणच जास्त येतो. पोट चोळणं, तेल पाजणं, एनिमा हे घरगुती उद्योग अजिबात नकोत.

थांबायचं नाही अशी लक्षणं: लाल ताजं रक्त, चिकट शेंबडासारखा पडदा असलेली पातळ आणि वारंवार होणारी शी, शेपटीच्या वर घट्ट फुगवटा आणि जोर करूनही काही न येणं, किंवा लालसर मांस बाहेर आलेलं दिसणं. शेवटच्या बाबतीत ते ओल्या स्वच्छ कापडाने ओलं ठेवून त्याच दिवशी डॉक्टर. खाल्लेलं वारंवार उलटत असेल आणि अंगाच्या मध्यावर गाठीसारखी सूज असेल तर क्रिप्टोस्पोरिडियम या सूक्ष्म परजीवीचा विचार होतो. त्यावर खात्रीचा इलाज नाही, नेहमीच्या ब्लीचने तो मरत नाही, आणि त्याची बीजं रोज बाहेर पडत नसल्यामुळे एका निगेटिव्ह रिपोर्टवर विसंबता येत नाही. तुमच्याकडे यातलं काही दिसत नाही, पण पुढे दुसरा साप आणायचा विचार असेल तर त्याला आधी वेगळ्या खोलीत ठेवा.

एकदा शीची तपासणी करून घ्या असं मात्र मी म्हणेन, विशेषतः साप पाळीव सरपटणाऱ्या प्राण्यांच्या विक्री-मेळ्यातून आणला असेल तर. टाकीत काही दिवस भुसा न घालता पेपर टॉवेल अंथरा म्हणजे नमुना स्वच्छ मिळेल. तपकिरी भाग घ्या, नुसतं युरेट नेऊन उपयोग नाही. झिपलॉकमध्ये घालून फ्रिजमध्ये, फ्रीझरमध्ये नाही, आणि चोवीस तासांच्या आत पोचवा. रिपोर्टमध्ये जंतांची अंडी आली तर औषधाआधी एक प्रश्न विचारा: ही सापाची आहेत की उंदराची? उंदराच्या पोटातल्या जंतांची अंडी सापातून तशीच बाहेर येतात, आणि कुत्र्या-मांजरांच्या डॉक्टरला हे लक्षात येईलच असं नाही. असोसिएशन ऑफ रेप्टिलियन अँड ॲम्फिबियन व्हेटरिनेरियन्सच्या यादीत तुमच्या जवळचा डॉक्टर शोधा.

आणि साफसफाई स्वयंपाकघराच्या सिंकमध्ये कधीच नाही. निरोगी सापाच्या शीतही साल्मोनेला (माणसाला आजारी पाडणारा जंतू) असू शकतो, शी छान दिसते म्हणून तो नसतो असं नाही. मुलाला हात साबणाने धुवायला लावा. घरात पाच वर्षांखालचं मूल किंवा आजी-आजोबा आलेले असतील तर त्यांना टाकीपासून लांबच ठेवा.

(पुण्या-मुंबईत हे वाचणाऱ्यांसाठी: नाग, धामण, अजगर असे आपले साप १९७२ च्या वन्यजीव कायद्याने घरी ठेवता येत नाहीत. बॉल पायथन परदेशी असला तरी २०२२ च्या दुरुस्तीनंतर त्याची नोंदणी लागते. 'मित्राने दिला' हे उत्तर चालत नाही.)

नवा हायग्रोमीटर लावल्यावर दोन दिवसांनी सकाळ-संध्याकाळचे आकडे इथे टाका, सोबत सापाचं आजचं वजन आणि शेवटच्या खाल्लेल्या उंदराचं वजन. पुढची शी झाली की फोटो काढताना खडा फोडून काढा, अख्ख्या खड्याच्या फोटोवरून मला फार सांगता येत नाही.